वाचकांचे प्रश्न : लढण्याआधीची जोडणी

या महिन्यात आलेली बरीचशी पत्रे एकाच गेमविषयी असल्यामुळे हा संपूर्ण स्तंभ त्यालाच दिला आहे. गेमचे नाव ‘आर्मर्ड कोअर ६ : फायर्स ऑफ रुबिकॉन’. जपानमधील फ्रॉमसॉफ्टवेअर कंपनीचा हा गेम ऑगस्ट २०२३ मध्ये आला. खेळाडू यात भाडोत्री लढवय्या असतो. ज्याच्या आत बसून लढायचे तो अजस्र यंत्रमानव तो स्वतः सुट्या भागांतून जोडतो आणि रुबिकॉन ३ नावाच्या ग्रहावर एकेक मोहीम पार पाडतो. या यंत्राला गेममध्ये ‘एसी’ म्हणतात. आपल्याकडे तो शब्द ऐकला की भिंतीवरचे थंड हवेचे यंत्र डोळ्यांपुढे येते, म्हणून खाली सर्वत्र मी नुसते ‘यंत्र’ म्हटले आहे.

प्रश्न : माझा मुलगा अकरावीत आहे. सुटीच्या दिवशी तो हा गेम लावतो, परंतु निम्मा वेळ गॅरेजसारख्या एका पडद्यावर पाय बदल, हात बदल, पुन्हा पाय बदल, एवढेच करत बसतो. मी स्वतः यंत्रमाग दुरुस्त करतो, त्यामुळे जोडणी मला परकी नाही. पण हा गेम आहे की नुसती मांडामांड? विचारले तर म्हणतो, “बाबा, खरा गेम हाच आहे.” (एक वाचक, इचलकरंजी)

उत्तर : आपला मुलगा खरे बोलतो आहे, आणि हे समजायला आपल्यासारखा कारागीर बाप असणे त्याच्या फायद्याचेच आहे.

डोके, धड, हात आणि पाय हे यंत्राचे चार मुख्य भाग. त्यांच्या पोटात वेग देणारा बूस्टर, जनरेटर आणि नेम धरणारी प्रणाली बसते. शिवाय दोन हातांत आणि पाठीच्या दोन बाजूंना मिळून चार शस्त्रे लावता येतात. यांतील प्रत्येक भागाला वजन आहे आणि बहुतेक भागांना वीज लागते. पायांची भार उचलण्याची मर्यादा ठरलेली असते, तशीच जनरेटरची वीज पुरवण्याची मर्यादाही ठरलेली असते. या दोन मर्यादांच्या आत राहून हवे तसे यंत्र उभे करणे, हे त्या पडद्यावरचे काम आहे.

समजा, आपल्या चिरंजीवांना पाठीवर एक मोठी ग्रेनेड तोफ हवी आहे. ती लावताच भार पायांच्या मर्यादेबाहेर जातो. म्हणून ते दणकट पाय घेतात. भार पेलतो, पण एकूण वजन वाढल्यामुळे यंत्र सुस्त होते. वेग भरून काढायला जोरकस बूस्टर लावावा, तर तो वीज जास्त मागतो आणि जनरेटर अपुरा पडतो. मोठा जनरेटर बसवला, तर तो स्वतःच जड असल्यामुळे गाडी पुन्हा पायांच्या मर्यादेपाशी येऊन थांबते. त्यातही एक खोच अशी, की जनरेटरने दिलेल्या विजेला धडाचा एक गुणक लागतो. म्हणजे जनरेटर तोच ठेवून नुसते धड बदलले, तरी हाती येणारी वीज कमीजास्त होते. ही गोष्ट माझ्या फार उशिरा ध्यानात आली. तोवर मी जनरेटरच बदलत बसलो होतो. अंथरूण पाहून पाय पसरावेत असे आपण म्हणतो. इथे अंथरूणही आपणच बेतायचे आणि पायही आपणच निवडायचे.

पायांचीच गोष्ट घ्या. दोन पायांचे यंत्र सर्व कामांना बरे असते. पक्ष्यासारखा उलटा गुडघा असलेले पाय उंच उडी घेतात, चार पायांचे यंत्र हवेत तरंगत राहू शकते आणि रणगाड्यासारख्या पट्ट्यांवर चालणारे यंत्र सर्वांत जास्त ओझे वाहते. पण खरा फरक तोफ डागताना दिसतो. दोन पायांच्या यंत्राला जड तोफ डागण्यासाठी क्षणभर पाय रोवून थांबावे लागते आणि तेवढ्यात शत्रूचा नेम लागतो. पट्ट्यांच्या यंत्राला तसे थांबावे लागत नाही. ते चालता चालता तोफ डागते. म्हणजे तोफ निवडली तेव्हाच पायांचा निम्मा निर्णय झालेला असतो. एकदा मुलाशेजारी बसून त्याला एवढेच विचारा, “हा जनरेटर का काढलास?” उत्तर बहुधा लांबलचक येईल आणि आपल्याला ते ओळखीचे वाटेल.

प्रश्न : पहिल्या प्रकरणाच्या शेवटी येणाऱ्या बाल्टियस या शत्रूयंत्राने मला चाळीसेक वेळा हरवले आहे. दोन रविवार त्यात गेले. बोटांचा वेग कमी पडतो आहे का? माझे यंत्र हलके आहे. हातात रायफल आणि विजेची तलवार, पाठीवर क्षेपणास्त्रे. (एक विद्यार्थी, नांदेड)

उत्तर : बोटांना दोष देऊ नका. याच कंपनीच्या इतर गेमची सवय असलेली माणसे इथे हटकून अडखळतात, कारण तिथे हरलो की पुन्हा तसेच लढून हात बसवायचा असतो. इथे हरलो की आधी यंत्र बदलायचे असते. चाळीस वेळा तेच यंत्र घेऊन जाणे म्हणजे न लागणारी किल्ली चाळीस वेळा कुलपात फिरवणे झाले.

बाल्टियसभोवती पल्स ऊर्जेचे कवच असते. ते अंगावर आहे तोवर रायफलच्या गोळ्यांनी आतल्या यंत्राचे फारसे बिघडत नाही. पल्स गन नावाचे शस्त्र मात्र हे कवच भराभर उतरवते, आणि ते तोपर्यंत दुकानात आलेले असते. डाव्या हातातील तलवार काढून तिथे पल्स गन बसवा. पाठीवर, भार झेपेल तेवढ्यात, मोठा धक्का देणारे काहीतरी ठेवा.

धक्का हा शब्द मुद्दाम वापरतो आहे. प्रत्येक यंत्राचा तोल सांभाळणारी एक प्रणाली असते आणि पडद्यावर तिची पट्टी दिसते. मार लागेल तशी ती भरत जाते. पूर्ण भरली की यंत्राचा तोल जातो, काही क्षण ते हतबल उभे राहते आणि त्या वेळी लागलेला घाव नेहमीपेक्षा कितीतरी खोल जातो. खेळाडू यालाच ‘स्टॅगर’ म्हणतात. आपण मारा थांबवला की पट्टी पुन्हा उतरू लागते. म्हणून लांबून थोडे मारायचे, मग पळायचे, मग पुन्हा थोडे मारायचे, ही सावध पद्धत इथे अंगलट येते. कवच फुटेपर्यंत पल्स गन चालवा आणि ते फुटले की राखून ठेवलेली जड शस्त्रे त्या मोजक्या क्षणांत एकदम रिकामी करा.

सुरुवातीला बाल्टियस क्षेपणास्त्रांचा मोठा लोट सोडतो, तेव्हा मागे हटावेसे वाटते. हटू नका, पुढे झेप घेऊन त्या लोटाच्या खालून निघा, म्हणजे बरीचशी क्षेपणास्त्रे डोक्यावरून जातील आणि तुम्ही त्याच्याजवळही पोहोचाल. उत्तरार्धात तो आगीचे पट्टे फिरवू लागला, की मात्र अंतर राखा.

आता एक व्यवहाराची गोष्ट. हरल्यावर त्याच टप्प्यावरून पुन्हा सुरू करताना गेम यंत्राची जोडणी बदलू देतो, परंतु दुकान उघडू देत नाही. पल्स गन आधीच विकत घेतलेली नसेल, तर मोहीम सोडून मागे यावे लागेल आणि बाल्टियसपूर्वीची ती द्वंद्वाची लढतही पुन्हा लढावी लागेल. जिवावर येते, पण या. पैसे कमी पडत असतील, तर नको असलेले भाग विका. ज्या किमतीला घेतले त्याच किमतीला दुकान ते परत घेते, एका दमडीचीही घट होत नाही. खऱ्या आयुष्यात असा भंगारवाला भेटत नाही, तेव्हा इथे त्याचा पुरेपूर उपयोग करून घ्या.

गेम आला तेव्हा बाल्टियस याहून अवघड होता. सप्टेंबर २०२३ मधील सुधारणेत कंपनीने त्याला थोडा सौम्य केला.

प्रश्न : मुलगा चौदा वर्षांचा आहे. सतत गोळीबार चाललेला दिसतो. यात माणसे मारली जातात का? आणि मोबाइलवरच्या गेमसारखे यात हळूहळू पैसे उकळले जातात का? (एक आई, सातारा)

उत्तर : दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर आधी देतो, कारण ते सोपे आहे. गेम विकत घेतल्यावर खऱ्या पैशांनी शस्त्रे किंवा बळकट भाग विकत घेण्याची सोय यात नाही. मोहिमेतून जे मिळते ते गेममधले चलन, आणि त्यातूनही वापरलेल्या दारूगोळ्याचा व दुरुस्तीचा खर्च कापून उरलेले हाती पडते. माझ्या मते मुलांना हे वजावटीचे कोष्टक दिसणे वाईट नाही.

पहिल्या प्रश्नाचे उत्तर दोन भागांत द्यावे लागेल. संपूर्ण गेममध्ये माणसाचा चेहरा एकदाही दिसत नाही. आवाज ऐकू येतात, बोधचिन्हे दिसतात आणि यंत्रे फुटतात. रक्त दिसत नाही. परंतु त्या यंत्रांमध्ये माणसे बसलेली असतात आणि गेम ही गोष्ट लपवत नाही. आपण ज्याच्या भूमिकेत असतो त्याला नावही नाही, ६२१ हा क्रमांक आहे. त्याच्या शरीरावर शस्त्रक्रिया करून त्याला यंत्र चालवण्याजोगे केलेले आहे आणि सुरुवातीला त्याच्याशी सारे मालासारखेच वागतात. ग्रहावर ‘कोरल’ नावाचा मौल्यवान पदार्थ आहे. त्यासाठी बलाम आणि आर्क्विबस या बड्या कंपन्या झुंजत आहेत, आणि तिथले मूळ रहिवासी आपल्या जमिनीसाठी लढत आहेत. एका मोहिमेत ज्यांच्याकडून पैसे घेतले, त्यांच्याच विरोधात पुढच्या मोहिमेत उभे राहावे लागते. शेवट तीन आहेत आणि तिसरा पाहण्यासाठी गेम तिसऱ्यांदा खेळावा लागतो. हे सारे काळेकुट्ट आहे, पण उथळ नाही. तरीही पहिल्या काही मोहिमा आपण त्याच्याशेजारी बसून पाहाव्यात, असे मला वाटते.

प्रश्न : आधीचे पाच भाग खेळल्याशिवाय सहावा कळेल का? (एक वाचक, ठाणे)

उत्तर : कळेल. सहाव्याची कथा आणि त्याचा ग्रह दोन्ही नवे आहेत.

मात्र आपण ‘पाच’ म्हणता तिथे थोडी दुरुस्ती हवी. क्रमांक असलेल्या भागांच्या मधेमधे आलेले गेम धरले, तर ही मालिका बरीच लांब आहे. फ्रॉमसॉफ्टवेअरची स्थापना १९८६ची आणि सुरुवातीला ती कार्यालयीन कामाची सॉफ्टवेअर बनवत असे. ‘आर्मर्ड कोअर’चा पहिला गेम १९९७ मध्ये प्लेस्टेशनवर आला आणि त्यातील यंत्रांची रेखाटने शोजी कावामोरी यांनी केली होती. ज्या हिदेताका मियाझाकी यांचे नाव आज या कंपनीसोबत घेतले जाते, त्यांनी दिग्दर्शित केलेला पहिला गेमही याच मालिकेतील चौथा भाग, २००६चा. २०१३ नंतर दहा वर्षे मालिका थंड होती. सहावा भाग मासारू यामामुरा यांनी दिग्दर्शित केला.

जुन्यांपैकी एखादाच पाहायचा असेल, तर पहिला पाहा, आणि तोही एका गमतीसाठी. त्यात खर्च बेसुमार वाढून ५०,०००च्या वर कर्ज झाले, की खेळाडूच्या शरीरावर प्रयोग करून त्याला अधिक ताकदवान बनवले जाते आणि गेम पुन्हा सुरू होतो. नवख्या खेळाडूला ही शिक्षा वाटते. मुरलेले खेळाडू मुद्दाम कर्जबाजारी होत.

प्रश्न : मी यंत्र अभियांत्रिकीच्या दुसऱ्या वर्षाला आहे. माणूस आत बसून चालवेल असा राक्षसी यंत्रमानव खरोखर बनू शकतो का? (एक विद्यार्थिनी, पुणे)

उत्तर : लहान प्रमाणात बनलेला आहे. जपानच्या त्सुबामे इंडस्ट्रीजने २०२३ मध्ये ‘आर्काक्स’ हे यंत्र दाखवले. त्याची उंची ४.५ मीटर आणि वजन ३.५ टन आहे. माणूस छातीच्या भागात बसून पडद्यांवर बाहेरचे पाहतो आणि त्याचे हात चालवतो. मात्र ते पावले टाकत नाही, चाकांवर फिरते.

अडचण कुठे आहे, हे आपण वर्गात शिकलाच असाल. आकार तोच ठेवून उंची दुप्पट केली, तर वजन आठपट होते, पण ते पेलणाऱ्या पायाचा छेद चौपटच होतो. म्हणजे पायाच्या प्रत्येक चौरस सेंटिमीटरवरचा ताण दुप्पट. त्यात चालताना सारे वजन आळीपाळीने एकेका पायावर आणि सांध्यावर येते. योकोहामाच्या बंदरात डिसेंबर २०२० ते मार्च २०२४ या काळात १८ मीटर उंचीचा, हालचाल करणारा ‘गंडाम’ (जपानी कार्टून मालिकेतील प्रसिद्ध यंत्रमानव) उभा होता. एवढ्या आकाराच्या मानाने त्याचे वजन फक्त सुमारे २५ टन ठेवले होते, आणि तरीही त्याला कमरेपाशी आधार देणारी चौकट मागे जोडलेली होती. गेममधील यंत्र उडी मारून खाली आपटते, तेव्हा त्याच्या घोट्यावर किती बल येत असेल, याचे गणित एकदा करून पाहा.

प्रश्न : तासभर खेळले की उजवा अंगठा दुखतो. (एक वाचक, कोल्हापूर)

उत्तर : चार शस्त्रे कंट्रोलरच्या माथ्यावरील चार बटणांवर असल्यामुळे इतर बोटांना काम वाटून मिळते, पण कॅमेरा फिरवणे, उडी आणि झटकन बाजूला सरकणे ही सारी कामे उजव्या अंगठ्याच्याच माथी येतात. दोन उपाय आहेत. कॅमेरा फिरवण्याची उजवी काडी दाबून शत्रूवर नजर खिळवून ठेवता येते. ती सोय वापरली की कॅमेरा सतत फिरवावा लागत नाही, मात्र काडी चुकून हलवली तर नजर सुटते. दुसरा उपाय म्हणजे सेटिंगमध्ये जाऊन उडी आणि सरकणे माथ्यावरच्या बटणांवर घ्या आणि पाठीवरची दोन शस्त्रे अंगठ्याखालच्या बटणांवर उतरवा. ती तशीही सावकाशच भरतात. नवी मांडणी हाती बसायला दोन-तीन दिवस लागतात, तोवर रिंगणातल्या सोप्या प्रतिस्पर्ध्यांशी लढा. तिथे हरले तरी दुरुस्तीचा खर्च पडत नाही.