भावकीतलं भांडण मिटलं, पण ११८(२) चा गुन्हा मिटेना – काय करावे?

दादा, तुमचा प्रश्न नीट वाचला. बांधावरून भांडण झालं, तुमच्या भावाच्या हातून चुलतभावाच्या मनगटावर कुऱ्हाड बसली, हाड मोडलं, आणि भावावर भारतीय न्याय संहितेच्या कलम 118(2) चा गुन्हा लागला. आता पाहुण्यांनी बसवून मिटवलंय, पाचशेच्या मुद्रांकावर नोटरीही झाली. पण तो कागद घेऊन गेल्यावर पोलीस ठाण्यात सांगितलं की केस मागे घेता येत नाही. तुम्हाला वाटतंय की पोलीस अडवणूक करतायत. तसं नाही, ते बरोबर बोलले. सांगली जिल्ह्यातल्या तालुका कोर्टात मी 22 वर्षं फौजदारी कामं बघतोय आणि हा गैरसमज दर महिन्याला समोर येतो.

पोलिसांनी कोर्टात दिलेल्या दोषारोपपत्राचा (चार्जशीटचा) पहिला कागद काढून बघा. त्यावर ‘महाराष्ट्र शासन विरुद्ध’ आणि पुढे तुमच्या भावाचं नाव असेल. चुलतभाऊ त्यात फिर्यादी आहे, जखमी आहे, साक्षीदार आहे, पण खटला त्याचा नाही. जो खटला त्याचा नाहीच, तो चुलतभाऊ मागे कसा घेणार? सरकारी वकील न्यायालयाच्या संमतीने खटला काढून घेऊ शकतात, पण ती वाट वेगळी आहे, घरगुती तडजोडीसाठी नाही.

काही गुन्हे मात्र कायद्यानेच आपसात मिटवता येतात. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 359 मध्ये (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं 320) त्यांची यादी आहे. साधी मारहाण किंवा शिवीगाळ असेल तर जखमीने हो म्हटलं की झालं. काहींना न्यायालयाची परवानगी लागते. तडजोडीची पुरसिस, म्हणजे कोर्टाला लेखी निवेदन, द्यायची, न्यायाधीश दोघांना विचारतात, आणि आरोपी निर्दोष सुटल्यासारखाच धरला जातो. लोकअदालतीतही हेच गुन्हे मिटतात. तुमची अडचण 118(2) ची आहे. धोकादायक हत्याराने जबर दुखापत, म्हणजे जुन्या भारतीय दंड संहितेचं 326. शिक्षा किमान 1 वर्ष, पुढे 10 वर्षं किंवा जन्मठेपेपर्यंत. हे कलम त्या यादीत नाही, त्यामुळे तालुक्याच्या न्यायाधीशांच्या मनात असलं तरी त्यांना ते मिटवता येत नाही.

मग गावातले जाणते दोन सल्ले देतात, आणि दोन्हींनी माणसं बुडालेली मी पाहिली आहेत. पहिला, ‘साहेबांना सांगून बी समरी करून घ्या.’ बी समरी म्हणजे फिर्यादच जाणूनबुजून खोटी होती, असा पोलिसांचा अहवाल. ज्याचं हाड मोडलं त्यालाच तुम्ही खोटारडा ठरवणार, आणि उद्या कारवाई त्याच्यावर होऊ शकते. दुसरा, ‘साक्षीला उभं राहून मला काही आठवत नाही म्हण.’ तो फितूर झाला तरी डॉक्टरांची साक्ष आणि जप्त कुऱ्हाड राहतेच, आणि शपथेवर खोटं बोलणं हा स्वतंत्र गुन्हा आहे. जखमी माणसाने आधी मार खायचा आणि वर खोटेपणाचा ठपकाही घ्यायचा, हे मला अजिबात पटत नाही.

खरी वाट उच्च न्यायालयाची आहे. नागरिक सुरक्षा संहितेच्याच कलम 528 (जुनं 482) खाली गुन्हा रद्द करण्याचा अर्ज करायचा, ज्याला सगळे ‘क्वॉश’ म्हणतात. ग्यानसिंग विरुद्ध पंजाब राज्य या 2012 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं की आपसात मिटवता न येणारा गुन्हाही उच्च न्यायालय आपल्या अंगभूत अधिकारात रद्द करू शकतं, जर वाद मुळात दोन घरांतला, खासगी स्वरूपाचा असेल. खून, बलात्कार, दरोडा यांना ते लागू नाही. शिक्षकाने विद्यार्थिनीशी केलेल्या लैंगिक गैरवर्तनाचा गुन्हा पालकांशी तडजोड झाली म्हणून राजस्थानात रद्द झाला होता. नोव्हेंबर 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश फिरवला. तसंच व्हायला हवं होतं. मुलीच्या वतीने तिच्या अन्यायाचा सौदा करण्याचा हक्क कोणालाच नाही.

तुमच्या प्रकरणात न्यायालय काय बघेल, ते सर्वोच्च न्यायालयाच्या नरिंदर सिंग या 2014 च्या निकालावरून कळतं. तो खुनाच्या प्रयत्नाच्या कलमाबद्दल आहे, पण कसोट्या इथेही कामाच्या आहेत. घाव कुठे बसला, हत्यार कोणतं होतं, तडजोड कोणत्या टप्प्यावर झाली. मनगटावरचा घाव आणि डोक्यावरचा घाव यांत फार फरक पडतो. तुमच्याकडे दोषारोपपत्र आलंय पण साक्षी सुरू नाहीत, म्हणून आता वेळ घालवू नका. साक्षीपुरावा संपत आल्यावर न्यायालयाचा हात आखडतो. भावावर आधीचे गुन्हे असतील तर वकिलांपासून लपवू नका.

सांगलीकरांना पूर्वी यासाठी मुंबई गाठावी लागायची. ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच (न्यायालयाचं बाहेरगावचं खंडपीठ) सुरू झालंय, सकाळी निघून संध्याकाळी घरी येता येतं. प्रथम खबर (एफआयआर), दोषारोपपत्र आणि दवाखान्याचे कागद घ्या. तुमच्या विरुद्ध पार्टीनेही उलटी फिर्याद दिली असेल तर दोन्ही गुन्ह्यांचे अर्ज एकत्र चालवा, एक मिटून दुसरा राहिला की वैर परत पेटतं. नोटरीचा कागद पुरत नाही; चुलतभावाचं संमतीचं प्रतिज्ञापत्र लागेल आणि बहुधा त्याला स्वतः हजर राहावं लागेल. भरपाई ठरली असेल तर ती बँकेतून द्या आणि प्रतिज्ञापत्रात लिहा.

आता जे विचारलं नाहीत ते. चुलतभावाला एकट्याला गाठून विचारलंत का, त्याला खरंच मिटवायचंय का? माझ्यासमोर एक पोरगा बैठकीत हो म्हणाला होता. न्यायाधीशांनी ‘कोणाचा दबाव आहे का?’ विचारल्यावर तो मान खाली घालून उभा राहिला, शब्दच फुटेना. अर्ज तिथेच थांबला, आणि थांबला ते योग्यच झालं. त्याच्या हाताची बोटं अजून नीट मिटत नव्हती आणि दवाखान्याचं कर्ज त्याच्या बापाच्या डोक्यावर होतं, हे बैठकीत कोणी बोललंच नव्हतं. तुमच्या वकिलाकडूनच त्याचंही प्रतिज्ञापत्र करून घेऊ नका. त्याला त्याचा वेगळा वकील करू द्या, परवडत नसेल तर मोफत वकिलासाठी तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करायला सांगा. त्याच्या वकिलाने भरपाईचा आकडा वाढवायला सांगितला तर रागावू नका, आधी दवाखान्याची बिलं मागून बघा.