उभ्या दिव्याला कोणता बल्ब?

प्रश्न : वाचायच्या खुर्चीशेजारी कापडी शेडचा उभा दिवा ठेवला आहे. त्यात ९ वॉटचा पांढरा एलईडी बल्ब लावला, पण उजेड सगळा छतावर जातो, पान अंधारेच राहते. जास्त वॉटचा घ्यावा का?

उत्तर : वॉट वाढवून फारसा फरक पडणार नाही. नेहमीच्या एलईडी बल्बचा खालचा अर्धा भाग अपारदर्शक असतो, त्यात ड्रायव्हर, म्हणजे एलईडीला हवी तशी वीज पुरवणारे सर्किट असते. तुमच्या दिव्यात बल्ब उभा बसतो, म्हणून उजेड वर फेकला जातो. त्याऐवजी पारदर्शक काचेचा, आत तारेसारख्या बारीक एलईडी पट्ट्या असलेला फिलामेंट एलईडी घ्या. तो चहूबाजूंनी प्रकाश देतो, खालीही.

आधी होल्डर पाहा. आपल्याकडे छताला बहुधा पिनचा, म्हणजे बी २२ असतो. तयार उभ्या दिव्यांत मात्र बऱ्याचदा आट्यांचा ई २७ येतो. खोक्यावर वॉटपेक्षा ल्युमेन, म्हणजे उजेडाचे माप वाचा : वाचनासाठी ८०० च्या आसपास हवेत, नुसत्या मंद उजेडाला ४०० पुरे. रंग २७०० ते ३००० केल्विन, म्हणजे पिवळसर. ६५०० चा निळसर पांढरा प्रकाश संध्याकाळी बैठकीत खरोखर नकोसा वाटतो.

दिव्याला डिमर, म्हणजे उजेड कमी-जास्त करायचे बटण असेल तर ‘डिमेबल’ लिहिलेलाच बल्ब घ्या. साधा लुकलुकतो, गुणगुणतो आणि लवकर जातो. शेड वरून बंद असेल तर जपा, कारण उष्णता कोंडून ड्रायव्हर जळतो. बल्ब बदलताना नुसते बटण बंद करू नका, प्लग काढा.