चेक परत आला, आता नोटीस : वाचकांचे प्रश्न

प्रश्न : सोयाबीनच्या पैशांपोटी व्यापाऱ्याने दिलेला चेक खात्यात शिल्लक नसल्याने परत आला. बँकेचा एसएमएस त्याच दिवशी आला, मेमो (चेक परत आल्याचा बँकेचा कागद) आठवड्याने मिळाला. नोटिशीचे तीस दिवस कुठून धरायचे? वकिलाचीच नोटीस लागते का? (लातूर)

चेक परत गेल्याची माहिती बँकेकडून तुम्हाला मिळाली त्या दिवसापासून ३० दिवसांत चेक देणाऱ्याला नोटीस पाठवायची, असे निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स ॲक्टचे (चेकसंबंधीचा कायदा) कलम १३८ सांगते. एसएमएस हीसुद्धा बँकेचीच माहिती, हा मुद्दा समोरचा वकील काढणारच. म्हणून एसएमएसपासूनच मोजा. नोटिशीला झालेला उशीर कोर्ट माफ करत नाही. माफीची सोय आहे ती नंतर कोर्टात तक्रार दाखल करायला झालेल्या उशिरासाठी. मात्र चेकवरच्या तारखेला तीन महिने झाले नसतील, तर तोच चेक पुन्हा भरा. पुन्हा परत आला की नवे ३० दिवस मिळतात. सुप्रीम कोर्टाने २०१२ मध्ये एमएसआर लेदर्स प्रकरणात हे मान्य केले आहे. वकील सक्तीचा नाही, कायद्याला लेखी मागणी पुरते.

प्रश्न : हातउसन्या पैशांचा चेक २ लाखांचा. नोटिशीत व्याज, खर्च धरून एकच आकडा टाकला : २,३१,०००. चेक भरण्याआधी त्याने ४० हजार यूपीआयने दिले होते. चालेल ना? (सांगली)

नाही चालणार, आणि त्याला दोन कारणे आहेत. नोटिशीतली मागणी चेकच्या रकमेचीच हवी. व्याज, खर्च मागायला बंदी नाही, पण चेकची रक्कम वेगळी लिहून, बाकीचे तिच्याखाली स्वतंत्र मागावे. सगळ्याची बेरीज करून एकच आकडा दिला की नोटीस लंगडी पडते. सप्टेंबर २०२५ मध्ये निकाल लागलेल्या कावेरी प्लास्टिक्स प्रकरणात चेक एक कोटीचा होता, नोटिशीत दोन कोटी पडले होते. टायपिंगची चूक ही सबब सुप्रीम कोर्टाने ऐकली नाही.

दुसरी अडचण त्याहून मोठी. दशरथभाई पटेल निकालानुसार (२०२२) चेक भरण्याआधी काही रक्कम मिळाली असेल, तर त्याच कायद्याच्या कलम ५६ प्रमाणे तशी नोंद चेकवर करून उरलेल्या रकमेपुरताच तो भरायला हवा. तुम्ही पूर्ण २ लाखांना भरलात. चेक परत आला त्या दिवशी येणे होते १,६०,०००. ही केस रेटण्यात मला अर्थ दिसत नाही. गोडीने बोलून बाकीचा नवा चेक मिळतो का पाहा. नाहीतर मुदतीत दिवाणी दावा आहेच.

प्रश्न : स्पीड पोस्टने पाठवलेले पाकीट ‘घेण्यास नकार’ असा शेरा मारून परत आले. पुन्हा पाठवू? (नाशिक)

गरज नाही. पत्ता बरोबर असेल तर नोटीस मिळाली असेच कोर्ट गृहीत धरते. ‘मला मिळालीच नाही’ म्हणणाऱ्यासाठी २००७ च्या अलावी हाजी निकालाने वाट ठेवली आहे : समन्स मिळाल्यापासून १५ दिवसांत पैसे भर आणि केस संपव. परत आलेले पाकीट फोडू नका, तसेच कोर्टात दाखल करा. ट्रॅकिंगची प्रिंट लगेच काढून ठेवा.

खरी फसगत होते ती तारखांत. नोटीस मिळाल्यावर पैसे द्यायला समोरच्याला १५ दिवस असतात, ते संपल्यावरच तक्रार करता येते. समजा नकाराचा शेरा ३ मार्चचा आहे. तो दिवस सोडून हे १५ दिवस १८ मार्चला संपतात, म्हणून तक्रारीचे कारण १९ मार्चला घडते आणि तिथून एक महिना मिळतो. घाईने १६ मार्चला तक्रार दिलीत तर ती टिकत नाही. योगेंद्र प्रताप सिंह प्रकरणात (२०१४) हे स्पष्ट झाले आहे. शेवटच्या दिवसापर्यंत थांबू मात्र नका.

प्रश्न : प्रायव्हेट लिमिटेडचा चेक. नोटीस फक्त सही करणाऱ्या संचालकाला, त्याच्या घरी पाठवली. चालेल का? (पुणे)

३० दिवसांची मुदत संपली नसेल तर आजच कंपनीच्या नोंदणीकृत पत्त्यावर, कंपनीच्या नावाने दुसरी पाठवा. चेक कंपनीचा, म्हणून मागणीही कंपनीकडेच. तिला नोटीस गेली की प्रत्येक संचालकाला वेगळी लागत नाही. उलटे मात्र चालेलच असे धरू नका. तक्रारीतही कंपनीला आरोपी करायला विसरू नका.

प्रश्न : मलाच नोटीस आली आहे. उत्तर दिलेच पाहिजे का? (कोल्हापूर)

सक्ती नाही, पण द्या. गप्प राहिलात तर रंगप्पा निकालाचा (२०१०) आधार घेऊन ते मौन तुमच्याविरुद्ध वापरले जाईल. देणे खरे असेल तर चेकची रक्कम १५ दिवसांत बँकेमार्फत भरा, रोखीने नको.