मुलीच्या डिझर्टेशनचा विषय वडिलांनी बदलायचा नसतो

पत्राचा सारांश : मुलगी पाच वर्षांचं बी.ए. एलएल.बी. करून पुण्यात एक वर्षाचं एलएलएम (कायद्यातलं पदव्युत्तर शिक्षण) करते आहे. डिझर्टेशनसाठी, म्हणजे त्यातल्या प्रबंधासाठी, तिने ‘समाजवादी सिद्धान्त : कायदा आणि न्याय’ हा विषय घेतला. त्यामुळे तिच्यावर शिक्का बसेल, पोलिस पडताळणीत अडचण येईल, अशी वडिलांना धास्ती आहे. ‘ज्यांना कोर्टच मान्य नाही त्यांचं वाचून ही न्यायाधीश कशी होणार? आणि ते सगळं १९९१ लाच संपलं ना?’ असं ते विचारतात. तिला न सांगता त्यांनी गाईडना फोन करून विषय बदलायला सांगितला. तिने यंदाच न्यायाधीशपदाची परीक्षा द्यावी, अशी त्यांची इच्छा आहे.

नमस्कार.

तुमच्या पत्रात मुलीचे दहावीपासूनचे गुण आहेत, कॉलेजची फी आहे, नातेवाइकांची मतंही आहेत. तिचं स्वतःचं म्हणणं मात्र एका वाक्यातही नाही. हा विषय तिला का घ्यावासा वाटला, हे तुम्ही तिला विचारल्याचं कुठे दिसत नाही. आणि ज्या फोनचा उल्लेख तुम्ही सहज केला आहे, त्याची मला सगळ्यात जास्त काळजी वाटते.

ती सज्ञान आहे. बार कौन्सिलची सनद घेतली की उद्या कोर्टात दुसऱ्यांच्या वतीने उभी राहू शकेल. तिच्या गाईडशी तिच्या पाठीमागे बोलून तुम्ही दोन गोष्टी केल्यात. ज्यांनी तिचं काम तपासायचं आहे त्यांच्यासमोर तिला लहान मूल ठरवलंत. आणि तिला हे कळेल तेव्हा, कारण कळणारच, घरी खरं बोलण्यापेक्षा लपवणं तिला सोपं वाटेल. ती सुट्टीत घरी येणं टाळते, असं तुम्हीच लिहिलं आहे. त्याचं कारण समाजवादात शोधू नका. आधी गाईडना फोन करून ‘माझी सूचना मागे घेतो’ असं सांगा आणि त्याच दिवशी मुलीलाही सांगा. हे झाल्याशिवाय खालच्या कुठल्याही सल्ल्याचा उपयोग नाही.

पडताळणीची भीती मनातून काढा. नोकरीच्या वेळी गुन्हे, प्रलंबित खटले, शिक्षा पाहतात. डिझर्टेशनचं मुखपृष्ठ नाही. यूजीसी नेटच्या राज्यशास्त्राच्या अभ्यासक्रमात मार्क्स आणि इटालियन मार्क्सवादी ग्राम्शी आहेत, यूपीएससीच्या राज्यशास्त्र या वैकल्पिक विषयातही मार्क्सवाद आहे. दरवर्षी कितीतरी मुलं हे वाचून अधिकारी होतात.

आता ‘कोर्टच मान्य नाही’ या समजाबद्दल. १८४८च्या कम्युनिस्ट जाहीरनाम्यात मार्क्स आणि एंगेल्स यांनी भांडवलदारांना सुनावलं होतं, की तुमचं कायदेशास्त्र म्हणजे तुमच्या वर्गाचीच इच्छा, सगळ्यांसाठी कायदा म्हणून मांडलेली. बहुतेक लोक इथेच पुस्तक मिटतात. पण १८७५ मध्ये गोथा कार्यक्रमावर, म्हणजे जर्मन कामगार पक्षाच्या मसुदा कार्यक्रमावर, टीका करताना मार्क्स याहून अवघड प्रश्न काढतो. सारख्या कामाला सारखा मोबदला दिला, पण एकाच्या घरी चार तोंडं आहेत आणि दुसरा एकटा आहे. मग समान हक्कातूनच विषमता निघाली, त्याचं काय करायचं? पुढे या परंपरेतल्या माणसांचं आपसात अजिबात जमलं नाही. ऑस्ट्रियन समाजवादी कार्ल रेनरने १९०४ मध्ये दाखवलं, की मालमत्तेच्या कायद्यातलं अक्षरही न बदलता त्याचं समाजातलं काम पूर्ण बदलू शकतं. हा माणूस पुढे ऑस्ट्रियाचा राष्ट्राध्यक्ष झाला. सोव्हिएत कायदेपंडित पाशुकानिसने १९२४ मध्ये मांडलं, की कायद्याचं रूपच बाजारातल्या देवघेवीतून येतं, म्हणून बाजारासोबत तेही विरेल. स्टालिनच्या राजवटीला राज्य आणि कायदा विरायला नको होता, घट्ट व्हायला हवा होता. १९३७ मध्ये पाशुकानिसला गोळी घातली गेली आणि सोव्हिएत कायदेशास्त्रावर स्टालिनच्या विरोधकांवरच्या मॉस्को खटल्यांचा सरकारी वकील विशिन्स्की याची हुकमत आली. याउलट, इंग्लंडमधल्या १७२३च्या अतिकठोर ‘ब्लॅक ॲक्ट’चा अभ्यास करून ई. पी. थॉम्प्सन हा मार्क्सवादी परंपरेतलाच इतिहासकार १९७५ मध्ये या निष्कर्षावर आला, की कायदा सत्ताधाऱ्यांचं हत्यार असला तरी त्यांचे हातही बांधतो, आणि म्हणून कायद्याचं राज्य जपलंच पाहिजे. न्यायाधीश होऊ पाहणाऱ्या मुलीने हा वाद वाचू नये, असं म्हणायला मला एकही कारण सापडत नाही.

१९९१ लाही तो संपला नाही. ५ नोव्हेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी याच वादातल्या एका प्रश्नावर, खासगी मालमत्ता समाजाची मानता येते का यावर, निकाल दिला, आणि खटला मुंबईतल्या जुन्या इमारतींचा होता.

इथे मला तुमच्या मुलीशीही थेट बोलायचं आहे, कारण तिने घेतलेला विषय मलाही पसंत नाही. वडिलांच्या कारणासाठी नव्हे. ‘समाजवादी सिद्धान्त : कायदा आणि न्याय’ यात मार्क्सपासून आंबेडकरांपर्यंत सगळं येतं, आणि एका वर्षाच्या एलएलएममध्ये लेक्चर, परीक्षा जाऊन हाताशी जेमतेम चार-पाच महिने उरतात. असे विषय घेणाऱ्या मुलांचं ठरावीक होतं. पहिली साठ पानं विचारवंतांची ओळख, मग दहा पानं भारत, शेवटी घाईघाईत निष्कर्ष. व्हायव्हात (तोंडी परीक्षेत) पहिलाच प्रश्न येतो, ‘यात तुमचं काय?’

विषय असा घ्या : उपकरप्राप्त इमारती आणि संविधानाचा अनुच्छेद ३९(ख). उपकरप्राप्त म्हणजे मुंबईतल्या ज्या जुन्या इमारतींवर दुरुस्तीसाठी उपकर लागतो त्या. ३९(ख) हे निदेशक तत्त्व सांगतं, की समाजाच्या भौतिक साधनसंपत्तीचं वाटप सर्वांच्या हितासाठी व्हावं. म्हाडा कायद्यात १९८६ मध्ये आठ-अ हे प्रकरण घातलं गेलं. इमारतीतल्या ७० टक्के रहिवाशांनी मागणी केली तर सरकारला ती इमारत संपादित करता येते, मालकाला मासिक भाड्याच्या शंभरपट रक्कम मिळते. मालकांची संघटना कोर्टात गेली. १९९१ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने त्यांचं म्हणणं फेटाळलं, खटला सर्वोच्च न्यायालयात गेला आणि २००२ मध्ये नऊ न्यायमूर्तींकडे सोपवला गेला. प्रश्न हा, की खासगी मालकीची इमारत ‘समाजाच्या भौतिक साधनसंपत्ती’त मोडते का. १९७७च्या रंगनाथ रेड्डी खटल्यात न्या. कृष्ण अय्यर यांनी खासगी संपत्तीही त्यात धरली होती. २०२४ मध्ये बहुमताने सांगितलं, की सरसकट तसं म्हणता येणार नाही. साधनाचं स्वरूप, त्याची टंचाई, समाजावर होणारा परिणाम आणि ते मोजक्या हातांत एकवटल्याने काय होतं, हे पाहावं लागेल. आता रेनरचा प्रश्न इथे लावून बघा. घरमालकीचा कायदा तोच राहिला, पण भाडेनियंत्रणामुळे गोठलेलं भाडं आणि पडायला आलेल्या भिंती यांच्यामध्ये त्या मालकीचं काम काय उरलं? हे तुमचं प्रकरण होईल, कुणाची नक्कल नव्हे.

दोन ठिकाणी हमखास चूक होते. एक, न्यायालयाने आठ-अ प्रकरण रद्द केलं असं लिहून टाकणं. नऊ जणांच्या पीठाने फक्त सोपवलेल्या घटनात्मक प्रश्नांची उत्तरं दिली. दुसरी, बातम्यांच्या आधारे निकाल मांडणं. सात न्यायमूर्तींचं बहुमत आहे, न्या. नागरत्ना यांचं अंशतः सहमतीचं मत आहे, न्या. धुलिया यांचं विरोधी मत आहे. कृष्ण अय्यर यांच्याबद्दल बहुमताने जे म्हटलं ते या दोघांना पटलं नाही, आणि तुमचं खरं साहित्य त्या मतभेदात आहे. धुलियांचं मत आधी वाचा, मग बहुमत.

त्याला जोड म्हणून डॉ. आंबेडकर घ्या. ‘स्टेट्स अँड मायनॉरिटीज’ या १९४७च्या निवेदनात त्यांनी मूलभूत उद्योग, विमा आणि शेती राज्याच्या मालकीची असावी आणि हे संविधानातच लिहावं, अशी मागणी केली. १५ नोव्हेंबर १९४८ला संविधान सभेत मात्र के. टी. शहांची ‘समाजवादी’ शब्द घालण्याची दुरुस्ती त्यांनी नाकारली : समाजाची आर्थिक रचना कशी असावी हे लोकांनी वेळोवेळी ठरवावं, आणि निदेशक तत्त्वांत ही दिशा आधीच आहे. उद्देशिकेत तो शब्द १९७६च्या ४२व्या दुरुस्तीने आला. केवळ त्या शब्दावर प्रकरण उभं करू नका, पोकळ होतं. शहर नको असेल तर वनहक्क कायदा, २००६ आणि सामूहिक वनहक्क मिळवणारं गडचिरोलीतलं मेंढा (लेखा) हे गाव घ्या. १८४२ मध्ये मार्क्सने पत्रकार म्हणून जंगलातली पडलेली लाकडं वेचणं चोरी ठरवणाऱ्या कायद्यावर लिहिलं होतं. तिथून धागा सरळ जुळतो.

आता परत वडिलांकडे. तुमची ‘यंदाच परीक्षा’ ही योजनाच अडलेली आहे. २० मे २०२५च्या निकालाने सर्वोच्च न्यायालयाने दिवाणी न्यायाधीश कनिष्ठ स्तरासाठी किमान तीन वर्षांच्या वकिलीची अट परत आणली. वकिली तात्पुरत्या नोंदणीपासून मोजतात. प्रमाणपत्र त्या न्यायालयाच्या प्रमुख न्यायिक अधिकाऱ्याचं, किंवा किमान दहा वर्षं वकिली केलेल्या वकिलाचं आणि त्यावर जिल्ह्याच्या प्रमुख न्यायिक अधिकाऱ्याची सही, असं लागतं. एलएलएमचं वर्ष आपोआप वकिलीत धरलं जाईल असं समजू नका. तेव्हा डिझर्टेशनचा विषय बदलून परीक्षा एक दिवसही अलीकडे येणार नाही. नोंदणी झाली नसेल तर महाराष्ट्र आणि गोवा बार कौन्सिलकडे अर्ज आधी करायला सांगा. उशीर झालाच तर तो इथे होईल.

बाकी वाटा तुम्हाला माहीत आहेत : नेट, पीएच.डी., प्राध्यापकी. एक मात्र पत्रात नाही, ती कामगार कायद्याची. २९ केंद्रीय कायदे चार संहितांत आले आहेत, आणि जुन्या तरतुदी, नव्या संहिता दोन्ही जाणणारे तरुण वकील कामगार संघटनांनाही लागणार, कंपन्यांनाही. वेतन आणि न्याय यांवर विचार केलेल्या मुलीला तिथे पाय रोवता येईल. तिला ती वाट नको असेल, तर तोही निर्णय तिचाच.