'रोमनांचा राजा' म्हणजे युवराज का?

ऑस्ट्रियाच्या हाब्सबुर्ग घराण्यातली अठराव्या शतकातली राज्यकर्ती मारिया थेरेसा आणि तिचा मुलगा जोसेफ यांची गोष्ट सांगणाऱ्या चरित्राचं मराठी भाषांतर तपासणाऱ्या एका वाचक बाईंचा प्रश्न आहे. त्यांच्यासमोरचं वाक्य असं: 'जोसेफ १७६४ मध्ये रोमनांचा राजा झाला आणि १७६५ मध्ये सम्राट.' त्या विचारतात, "हे घराणं व्हिएन्नाचं, मग हा रोमनांचा राजा कुठून आला? इथे सरळ 'युवराज' करू का? आणि आई सम्राज्ञी म्हणून जिवंत असताना मुलगा सम्राट होतोच कसा?"

'युवराज' करू नका. भाषांतरकाराने 'रोमनांचा राजा' ठेवलं आहे ते बरोबर आहे. हवी तर पहिल्या उल्लेखापाशी एक ओळ जोडा: 'म्हणजे सम्राटाच्या हयातीतच निवडून ठेवलेला त्याचा उत्तराधिकारी.' पण १७६४ साली या पदवीचा जो अर्थ होता तो चारशे वर्षं आधी नव्हता, म्हणून ही ओळ प्रत्येक शतकाला चालणार नाही. ते जरा सविस्तर सांगतो.

मध्ययुगीन युरोपात, निदान पश्चिमेकडे, सम्राट म्हणजे रोमन सम्राट. रोमचं साम्राज्य बुडालं असं तिथले लोक मानतच नव्हते. ते आता दुसऱ्यांच्या हाती आलं, एवढंच. इ.स. ८०० च्या नाताळात पोप तिसऱ्या लिओने फ्रँक लोकांचा राजा शार्लमेन याच्या डोक्यावर रोममध्ये मुकुट ठेवला. ९६२ मध्ये जर्मन राजा पहिला ओटो याला तोच मान मिळाला आणि तेव्हापासून सम्राटपद जर्मन राजांकडे राहिलं. यात अडचण अशी की राजाला निवडायचे जर्मनीतले सरदार आणि धर्मगुरू, पण सम्राट म्हणून अभिषेक करायचा पोपने, तोही रोममध्ये. निवड झाली, अभिषेक व्हायचाय, मधे आल्प्स पर्वत आहे, इटलीत शत्रू आहेत, पोपशी भांडण आहे. या मधल्या काळात त्या माणसाला काय म्हणायचं? रोमनांचा राजा. रोम शहरावर त्याची सत्ता असो वा नसो, रोमन सम्राटपदावर त्याचा हक्क लागला आहे, हे ती पदवी सांगायची.

हा मधला काळ काहींच्या बाबतीत जन्मभर टिकला. १२७३ मध्ये निवडून आलेला हाब्सबुर्ग घराण्याचा रूडॉल्फ अठरा वर्षं राज्य करून वारला, पण सम्राट म्हणून त्याचा अभिषेक झालाच नाही. सम्राट चौथ्या चार्ल्सचा मुलगा वेन्सेस्लास याचं उदाहरण तर तुमच्या प्रश्नाला थेट लागू पडतं. बापाने १३७६ मध्ये, स्वतः जिवंत असतानाच, निवड करणाऱ्यांना भरपूर देऊन-घेऊन त्याला रोमनांचा राजा करून घेतलं. १३७८ मध्ये बाप गेला. साम्राज्याचा सर्वोच्च अधिकारी आता वेन्सेस्लासच, त्याच्या वर कुणी नाही. तरी पदवी 'रोमनांचा राजा' हीच राहिली, कारण तो रोमला गेलाच नाही. इथे 'युवराज' लिहिलं तर बाप मरून वीस वर्षं झाली तरी मुलगा युवराजच, असं विचित्र चित्र उभं राहील. पुढे १४०० मध्ये निवड करणाऱ्यांपैकी चौघांनी त्याला पदच्युत केलं आणि पॅलाटिनेट या जर्मन मुलखाच्या रूपर्टला त्याच्या जागी बसवलं. जे निवडीने मिळालं ते निवडणाऱ्यांनी काढूनही घेतलं.

पदवीचा अर्थ बदलला तो १५०८ मध्ये. तेव्हाचा रोमनांचा राजा, हाब्सबुर्ग घराण्यातला मॅक्सिमिलियन, अभिषेकासाठी रोमला निघाला होता, व्हेनिसने वाट अडवली. तेव्हा ट्रेंटो इथे त्याने स्वतःला 'निर्वाचित रोमन सम्राट' जाहीर केलं आणि पोप दुसऱ्या ज्यूलियसने ते मान्य केलं. त्याच्यानंतर पोपच्या हातून मुकुट घेतला तो एकट्या पाचव्या चार्ल्सने, १५३० मध्ये, तोही रोमला नव्हे तर बोलोन्याला. बाकीचे सगळे निवड झाली की सम्राट. मग 'रोमनांचा राजा' ही पदवी मोकळी झाली आणि ती सम्राटाच्या हयातीत निवडून ठेवलेल्या उत्तराधिकाऱ्याला चिकटली. तुमच्या वाक्यातला जोसेफ हा या दुसऱ्या अर्थाने रोमनांचा राजा. मार्च १७६४ मध्ये फ्रांकफुर्टला निवड झाली, ३ एप्रिलला अभिषेक झाला. ऑगस्ट १७६५ मध्ये इन्सब्रुकला वडील वारले आणि दुसरी निवडणूक न होता तो सम्राट झाला.

मग या दुसऱ्या अर्थापुरता तरी 'युवराज' का नको? पाचव्या चार्ल्सकडे पाहा. त्याला फिलिप नावाचा मुलगा होता, १५२७ चा जन्म. तरी १५३१ मध्ये रोमनांचा राजा म्हणून निवडला गेला तो चार्ल्सचा भाऊ फर्डिनांड. स्पेन फिलिपला मिळाला. सम्राटपद चुलत्याकडे गेलं आणि त्याच्याच वंशात राहिलं. किंवा १६५३ मध्ये निवडलेला, सम्राट तिसऱ्या फर्डिनांडचा मुलगा चौथा फर्डिनांड पाहा. पुढच्याच वर्षी तो देवीच्या रोगाने गेला. धाकटा भाऊ लिओपोल्ड होता, पण मोठ्याची जागा त्याला आपोआप मिळाली नाही. १६५७ मध्ये बाप वारला तेव्हा त्याची निवड झालेली नव्हती, आणि वर्षभराहून अधिक काळ साम्राज्याला सम्राटच नव्हता. आजच्या मराठीत युवराज हा जन्माने ठरतो. रोमनांचा राजा जन्माने ठरत नसे.

'आजच्या मराठीत' असं मुद्दाम म्हटलं. आपल्या परंपरेतला युवराज मुळात नुसता थोरला मुलगा नव्हता. त्याला यौवराज्याचा अभिषेक लागायचा. वाल्मीकींचा दशरथ रामाला युवराज करायचं ठरवतो तेव्हा आधी सभा बोलावतो आणि तिची संमती घेतो. त्या जुन्या अर्थाने हा शब्द रोमनांच्या राजाच्या बराच जवळ जातो, हे मी मोकळेपणाने मान्य करतो. पण वाचक तो अर्थ घेऊन पुस्तक उघडत नाही.

'सम्राट' या शब्दाबद्दल मात्र मला नेहमी आनंद वाटतो, कारण तो इथे फार चपखल बसतो. अमरकोशातली व्याख्या अशी आहे: 'येनेष्टं राजसूयेन मण्डलस्येश्वरश्च यः । शास्ति यश्चाज्ञया राज्ञः स सम्राट्'. ज्याने राजसूय यज्ञ केला, जो राजमंडलाचा स्वामी आहे आणि जो आपल्या आज्ञेने राजांवर शासन करतो, तो सम्राट. यात विधी आहे, इतर राजांवरचा अधिकार आहे, बापाचं नाव कुठेच नाही. बोहेमियाचा राजा ज्याच्या साम्राज्याचा घटक होता आणि धर्मविधीवाचून ज्याचं पद पुरं होत नसे, त्या मध्ययुगीन सम्राटाला याहून चांगला शब्द शोधून सापडणार नाही.

गोंधळ नामापेक्षा क्रियापदांनी जास्त होतो. 'गादीवर बसला', 'गादी मिळाली', 'वारसाहक्काने सम्राट झाला' हे प्रयोग आपल्या हातून सवयीने उतरतात, कारण आपण सातारची गादी, कोल्हापूरची गादी या भाषेत वाढलो. या साम्राज्याला तशी एक गादी नव्हती, कायमची राजधानीसुद्धा नव्हती. १५१९ मध्ये पाचवा चार्ल्स सम्राटपदाला निवडला गेला ती तर उघड चुरस होती. आजोबा मॅक्सिमिलियन नातवाला रोमनांचा राजा करून घेण्याआधीच वारले आणि फ्रान्सचा राजा पहिला फ्रान्सिस रिंगणात उतरला. चार्ल्सच्या बाजूने सुमारे साडेआठ लाख गुल्डन (तेव्हाची सोन्याची नाणी) खर्च झाले, त्यांतले पाच लाखांहून अधिक एकट्या फुगर पेढीने उभे केले. ही पेढी आउग्सबुर्गची. अशा माणसाबद्दल 'आजोबांच्या गादीवर आला' असं लिहिणं म्हणजे घडलेली गोष्टच पुसून टाकणं. 'निवडून आला', 'सम्राटपदी निवड झाली' असं लिहा.

आता हे निवडणारे कोण, हेही तुमच्या पुस्तकात येणारच. सम्राट चौथ्या चार्ल्सच्या १३५६ च्या सुवर्णमुद्रांकित फर्मानाने त्यांची संख्या सात ठरली: माइन्त्स, ट्रियर आणि कलोन इथले तीन आर्चबिशप, बोहेमियाचा राजा, र्‍हाइनकाठच्या पॅलाटिनेटचा काउंट, सॅक्सनीचा ड्यूक आणि ब्रांडेनबुर्गचा मार्गरेव्ह (म्हणजे सीमाप्रांताचा सरदार). निवड फ्रांकफुर्टला, बहुमताने. ट्रियरचं मत पहिलं, माइन्त्सचं शेवटी. शपथ घेतल्यापासून तीस दिवसांत निर्णय झाला नाही तर पुढे निवड होईपर्यंत या थोरामोठ्यांना फक्त पाव आणि पाणी द्यायचं, असं त्या फर्मानात स्पष्ट लिहिलेलं आहे. जर्मन शब्द कुरफ्युर्स्ट. त्यातला 'कुर' निवडण्याच्या जुन्या क्रियापदातून आला आणि 'फ्युर्स्ट' म्हणजे सत्ताधीश. त्याला 'मतदार राजपुत्र' म्हणू नका. तो कुणाचा पुत्र म्हणून मोठा नाही, स्वतःच्या मुलखाचा धनी आहे. 'निर्वाचक' हा शब्द पुरेसा आहे: ब्रांडेनबुर्गचा निर्वाचक, सॅक्सनीचा निर्वाचक. यातही एक गंमत आहे. चौथ्या चार्ल्सच्या याच फर्मानाने निर्वाचकांचे मुलूख अविभाज्य ठरवले आणि आर्चबिशप सोडून बाकीच्यांचा हक्क थोरल्या मुलाकडे जाईल असा नियम घालून दिला. म्हणजे 'गादी' आणि 'वारस' हे शब्द ब्रांडेनबुर्गला अगदी शोभतात, आणि ब्रांडेनबुर्गवाला ज्याला निवडतो त्या सम्राटालाच शोभत नाहीत.

मारिया थेरेसाबद्दल. तिचे वडील सहावे चार्ल्स यांनी १७१३ मध्ये ठराव केला की हाब्सबुर्गांचे मुलूख एकत्र राहतील आणि मुलगा नसल्यास मुलीकडे जातील. मुलूख देता येत होते, सम्राटपद देता येत नव्हतं, कारण ते त्यांच्या मालकीचंच नव्हतं. १७४० मध्ये ते वारले. १७४२ मध्ये निर्वाचकांनी बव्हेरियाच्या चार्ल्स आल्बर्टला सम्राट केलं, जो तेव्हा मारिया थेरेसाशी लढत होता. १७४५ च्या जानेवारीत तो गेल्यावर त्याच वर्षी तिच्या नवऱ्याची, फ्रान्सिस स्टीफनची, निवड झाली. म्हणून ती सम्राज्ञी ठरते ती नवऱ्यामुळे. फ्रांकफुर्टला ती हजर होती, तरी स्वतःचा अभिषेक तिने करून घेतला नाही. हंगेरीचा मुकुट मात्र तिचा स्वतःचा, १७४१ चा, आणि खरी सत्ताही तिचीच. १७६५ नंतर ती सम्राटाची विधवा, पण आपल्या मुलखांची राज्यकर्ती १७८० पर्यंत, आणि जोसेफ तिथे तिचा सहशासक. आई जिवंत असताना मुलगा सम्राट होतो तो असा.

'सम्राज्ञी' हा शब्द बदलायची गरज नाही. लग्नात म्हटला जाणारा ऋग्वेदातला मंत्र आठवा: 'सम्राज्ञी श्वशुरे भव'. तिथेही हे पद विवाहाने येतं. स्वतःच्या अधिकाराने राज्य करणारी असेल, जशी रशियाची दुसरी कॅथरीन किंवा ७९७ ते ८०२ या काळातली कॉन्स्टँटिनोपलची आयरीन, तिथे पहिल्यांदा 'सत्ताधारी सम्राज्ञी' असं लिहावं आणि पुढे नुसतं 'सम्राज्ञी'.

भाषांतरात आणखी एक खड्डा येऊ शकतो: 'रोमचा राजा'. हा वेगळा. नेपोलियनने १८११ मध्ये जन्मलेल्या आपल्या मुलाला दिलेली ती पदवी. जुन्या पदवीचं नातं तिच्यात जाणूनबुजून ठेवलं होतं, पण निवडणूक नव्हती. तो पाळण्यातच वारस होता. त्याला युवराज म्हटलं तर माझी हरकत नाही.

रशियाचं थोडक्यात सांगतो, कारण कॅथरीनचा उल्लेख तुमच्या पुस्तकात असणारच. 'झार' आणि 'कैसर' दोन्ही सीझरवरून आले. रशियाचा झार पहिला पीटर याने १७२१ मध्ये 'इम्पेरातोर' ही पदवी घेतली, तेव्हा त्याच्यापासून पुढे 'सम्राट' लिहिणं योग्य. 'झारशाही' मराठीत रुळलेला शब्द आहे, तो तसाच वापरा. १७२२ च्या कायद्याने वारस नेमण्याचा अधिकार त्याने राज्यकर्त्याकडे घेतला, आणि १७२५ मध्ये कुणालाही न नेमता तो वारला. थोरल्या मुलाचा हक्क कायद्याने पक्का झाला तो १७९७ मध्ये, कॅथरीनचा मुलगा पॉल याच्या काळात. त्याआधीच्या रशियन वारसांना सरसकट 'युवराज' म्हणताना हात आखडता घ्या.

व्हिएन्नात हा शब्द निर्धास्तपणे वापरता येतो तो १८०४ पासून. दुसऱ्या फ्रान्सिसने त्या वर्षी ऑस्ट्रियाचं वंशपरंपरागत सम्राटपद निर्माण केलं आणि ६ ऑगस्ट १८०६ रोजी जुनं रोमन सम्राटपद सोडून दिलं. तिथून पुढे गादी आहे, वारस आहे, युवराज आहे. १८८९ मध्ये मायरलिंगला मरण पावलेला, सम्राट फ्रान्सिस जोसेफचा मुलगा रूडॉल्फ हा शंभर टक्के युवराज. पण सारायेव्होला १९१४ मध्ये मारला गेलेला फ्रान्सिस फर्डिनांड, ज्याला आपण पहिल्या महायुद्धाच्या धड्यात 'ऑस्ट्रियाचा युवराज' म्हणून ओळखतो, तो सम्राटाचा पुतण्या होता. जर्मनमध्ये त्याच्यासाठी रूडॉल्फचा शब्द नव्हे तर 'गादीचा वारस' अशा अर्थाचा वेगळा शब्द वापरत. मराठीतही 'गादीचा वारस' हेच लिहावं.