अमेरिकन अभिनेत्री थेल्मा रिटर यांना ऑस्कर कधी मिळाले का? त्यांचे कोणते चित्रपट आधी पाहावेत?

नाही, कधीच मिळाले नाही. 1950 ते 1962 या काळातल्या चित्रपटांसाठी साहाय्यक अभिनेत्री म्हणून त्यांना सहा नामांकने मिळाली आणि सहाही वेळा पुरस्कार दुसरीकडे गेला. मला आजही हा अन्याय वाटतो. ब्रॉडवेने, म्हणजे न्यूयॉर्कच्या व्यावसायिक रंगभूमीने, मात्र कदर केली. 1958 मध्ये 'न्यू गर्ल इन टाउन' या संगीत नाटकासाठी त्यांना टोनी हा नाट्यपुरस्कार मिळाला, तोही त्यातल्याच सहकलाकार ग्वेन व्हर्डन यांच्याबरोबर विभागून.

त्या मूळच्या ब्रुकलिनच्या, जन्म 1902 चा. चित्रपटात आल्या तेव्हा पंचेचाळिशीच्या होत्या. 'मिरॅकल ऑन थर्टी-फोर्थ स्ट्रीट'मध्ये (1947) नाताळच्या खरेदीने दमलेली आई त्यांनी केली, इतकी छोटी भूमिका की श्रेयनामावलीत नावही नाही. पण लोकांच्या ती लक्षात राहिली.

'रिअर विंडो'मधली (1954) फटकळ नर्स स्टेला बहुतेकांना माहीत असते. तरी माझा आग्रह 'पिकअप ऑन साउथ स्ट्रीट'साठी (1953). त्यात त्या मो नावाच्या खबरी बाईच्या भूमिकेत आहेत. टाय विकायच्या, पोलिसांना माहिती विकायची आणि आपले दफन बेवारशासारखे होऊ नये म्हणून त्यातून पैसे साठवायचे, असे तिचे जगणे. खोलीत एकटी असताना बंदूकधारी माणूस समोर येतो, तेव्हा ती आरडाओरडा करत नाही, फक्त आपण किती थकलोय ते सांगते. तेवढ्या एका प्रसंगासाठी तरी हा चित्रपट आधी पाहा. मग 'ऑल अबाउट ईव्ह' (1950).