चष्म्याचा नंबर, ओझरची सुखोई आणि हवाई दलाची वाट

पत्र : मी निफाड तालुक्यातील एका गावात राहते आणि अकरावी विज्ञान शाखेत शिकते. आमच्या गच्चीवरून ओझरच्या धावपट्टीकडे जाणारी सुखोई विमाने दिसतात. मला लढाऊ विमानाची वैमानिक व्हायचे आहे, पण मला उणे सव्वाचा चष्मा आहे. बाबा म्हणतात, द्राक्षबागेवर आता फवारणीसुद्धा ड्रोन करतो, मग उद्याच्या युद्धात वैमानिक कशाला लागेल? गणित सोडून जीवशास्त्रावर भर द्यावा, असे घरात चालले आहे. आणखी एक शंका : वर जाताना ज्या विमानाच्या आवाजाने घरातली भांडी वाजतात, तेच उतरताना इतके शांत कसे असते? – एक विद्यार्थिनी

चि. विद्यार्थिनीस अनेक आशीर्वाद.

तुझ्या पत्रातील सर्वांत कठीण प्रश्नाचे उत्तर आधी देतो, कारण ते शेवटी ठेवले तर मधला मजकूर तू धड वाचणार नाहीस. बारावीनंतर खडकवासल्याच्या राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीमार्फत, म्हणजे एनडीएमधून, हवाई दलाच्या उड्डाण शाखेत जाणाऱ्या उमेदवाराला उणे नंबर मुळीच चालत नाही. तिथे पाव नंबरासाठीही सवलत मागता येत नाही आणि शस्त्रक्रिया करून नंबर घालवलेला डोळाही स्वीकारला जात नाही. सव्वाचा नंबर सोळाव्या-सतराव्या वर्षी उतरण्यापेक्षा वाढण्याची शक्यता अधिक असते, तेव्हा त्या दाराशी तू आशा धरून बसू नयेस, असे मला स्पष्टच सांगितले पाहिजे.

दुसरे दार पदवीनंतरचे आहे. एएफकॅट ही हवाई दलाची प्रवेश परीक्षा वर्षातून दोनदा होते आणि उड्डाण शाखेसाठी वयाची अट 20 ते 24 वर्षे असते. या मार्गाने येणाऱ्या उमेदवाराच्या डोळ्यांवर लेझर शस्त्रक्रिया झालेली असेल, तर ती काही अटींवर विचारात घेतली जाते. ती वयाची 20 वर्षे पूर्ण होण्यापूर्वी केलेली नसावी, तिला किमान 12 महिने उलटलेले असावेत, आणि बुबुळावरील पारदर्शक पटलाची जाडी व नेत्रगोलाची लांबी ठरलेल्या मर्यादेत असावी. या अटी मुद्दाम सांगतो आहे, कारण ‘लेझरने चष्मा घालवा’ अशा फलकांना भुलून सतराव्या वर्षीच शस्त्रक्रिया उरकून आलेली मुले माझ्यासमोर बसलेली आहेत. एनडीएचे दार तर त्यांना उघडले नाहीच, आणि पुढे पदवीनंतर जे उघडू शकले असते तेही त्या घाईने बंद झाले. त्या वेळी त्यांच्या आईवडिलांच्या चेहऱ्याकडे पाहवत नाही. त्यामुळे तूर्त डोळ्यांना कोणालाही हात लावू देऊ नकोस, आणि वैद्यकीय निकष अधूनमधून बदलत असल्याने ज्या वर्षी अर्ज करशील त्या वर्षीची अधिसूचना स्वतः वाच.

आता तुझ्या वडिलांच्या प्रश्नाकडे येतो. तो थट्टेवारी नेण्यासारखा नाही. बागेवर ड्रोन फिरताना पाहणाऱ्या माणसाला तो पडणारच. मात्र त्याचे उत्तर देण्याआधी, युद्धात विमान नेमके काय करते हे पाहिले पाहिजे, कारण गच्चीवरून दिसते तेवढेच विमान आपल्या मनात असते.

5 डिसेंबर 1971 ची पहाट घ्या. राजस्थानातील लोंगेवाला चौकीवर 23 पंजाब पलटणीची एक कंपनी, आणि तिच्यावर रात्रीत चालून आलेले पाकिस्तानी रणगाडे. जैसलमेरच्या तळावर हंटर विमाने होती, परंतु ती रात्री लढू शकत नव्हती, त्यामुळे उजाडेपर्यंत चौकीने एकटीनेच तग धरला. उजेड पडल्यावर चित्र पालटले. उघड्या वाळवंटात रणगाड्याला लपायला जागा नसते, आणि त्याच्या पट्ट्यांच्या खुणा वरून वैमानिकाला थेट त्याच्यापाशी घेऊन जातात. दिवसभर हंटर येत राहिली, रॉकेटे आणि तोफा डागत राहिली आणि तो हल्ला वाळूतच रुतला. ही हकीकत बहुतेकांना ठाऊक असते. ज्याकडे फारसे कोणी पाहत नाही ती बाब जैसलमेरच्या जमिनीवरची आहे. तळावर विमाने मोजकीच होती, आणि मोजक्या विमानांनी दिवसभर मारा करायचा म्हणजे तेच विमान उतरवायचे, इंधन भरायचे, दारूगोळा चढवायचा आणि पुन्हा सोडायचे. हंटरच्या पोटात 30 मिलिमीटरच्या चार तोफा दारूगोळ्यासह एकाच संचात बसवलेल्या असत. नळ्या विमानातच ठेवून रिकामा संच खाली उतरवायचा आणि भरलेला वर चढवायचा, हे काम तयारीचे हात असतील तर काही मिनिटांत होई. त्या दिवशी रणगाड्यांना उसंत मिळाली नाही याचे श्रेय वैमानिकांचे आहेच, पण तो संच चढवणाऱ्या तंत्रज्ञांचेही तितकेच आहे. हवाई दलात विमानांच्या संख्येइतकेच एका दिवसात किती उड्डाणे, म्हणजे सॉर्टी, झाल्या याला महत्त्व असते, ते यासाठीच.

कारगिलचे उदाहरण याहून बोलके आहे. तेव्हा हवाई दलाचे प्रमुख एअर चीफ मार्शल अनिल टिपणीस होते. 21 मे 1999 रोजी टेहळणीसाठी गेलेल्या कॅनबेरा विमानाच्या इंजिनावर क्षेपणास्त्र आदळले, तरी ते सुखरूप उतरले. 26 मे रोजी प्रत्यक्ष हल्ले सुरू झाले आणि पुढच्या दोन दिवसांत एक मिग-27, एक मिग-21 आणि चार जणांसह एक एमआय-17 हेलिकॉप्टर आपण गमावले. तुझ्या वडिलांनी हा परिच्छेद वाचावा अशी माझी इच्छा आहे. ज्या व्यवसायाला मुलगी निघाली आहे त्यातली जोखीम त्यांच्यापासून झाकून मला सल्ला द्यायचा नाही. शत्रू चार-पाच हजार मीटर उंचीच्या कड्यांवर होता, नियंत्रण रेषा ओलांडायची नाही असा आदेश होता, आणि खांद्यावरून डागता येणाऱ्या क्षेपणास्त्रांमुळे खाली उतरणे धोक्याचे झाले होते. उंचावरून टाकावे तर विरळ हवेत बॉम्ब आणि रॉकेटे नेहमीच्या हिशोबाने जात नाहीत. सपाट प्रदेशात तयार केलेली कोष्टके तिथे चुकतात, आणि अरुंद कड्यावर थोडीशी चूक म्हणजे बॉम्ब दरीत. मग मिराज-2000 विमानांवर लक्ष्य दाखवणारे लायटनिंग पॉड बसवून लेझरच्या खुणेवर जाणारे बॉम्ब वापरण्याची तयारी अभियंत्यांनी काही आठवड्यांत पूर्ण केली आणि 24 जून रोजी टायगर हिलवर ते अचूक पडले. त्याआधी, 17 जूनला, बटालिक भागातील मुंथो ढालो येथील शत्रूचा रसदतळ मिराजनी साध्या बॉम्बनी उद्ध्वस्त केला होता, परंतु तो तळ तिथे आहे हे छायाचित्रे वाचणाऱ्या कोणीतरी आधी ओळखले होते.

मालवाहू विमानांविषयी थोडक्यातच लिहितो, कारण त्यांच्याविषयी कोणी मला पत्र लिहीत नाही, हे माझे जुने गाऱ्हाणे आहे. 27 ऑक्टोबर 1947 रोजी डाकोटा विमानांनी शीख रेजिमेंटची पहिली तुकडी श्रीनगरला उतरवली नसती, तर पुढचा इतिहास निराळा झाला असता. 11 डिसेंबर 1971 रोजी आताच्या बांगलादेशातील टांगाइलजवळ छत्रीधारी सैनिक उतरले तेही मालवाहू विमानांतूनच. या विमानांचे वैमानिकही उड्डाण शाखेचेच असतात आणि त्यांच्या डोळ्यांचे निकषही तेच असतात, हे मात्र लक्षात ठेव.

ड्रोनचे काय? मे 2025 मध्ये, ऑपरेशन सिंदूरनंतरच्या रात्रींत, सीमेपलीकडून ड्रोन मोठ्या संख्येने आले, हे तुम्ही सर्वांनी पाहिले आहे. तुझे वडील ज्या बदलाकडे बोट दाखवतात तो खरा आहे. परंतु बागेवरच्या ड्रोनच्या मागेही बांधावर नियंत्रक घेऊन एक माणूस उभा असतो. शत्रूने संदेशलहरी दाबून टाकल्यावर काय करायचे, समोर दिसते ते लक्ष्य आहे की शाळा, हे ठरवण्याची जबाबदारी कोणावर तरी राहतेच. हवाई दलाने हे ओळखून 2022 मध्ये ‘वेपन सिस्टिम्स’ या नव्या शाखेची घोषणा केली, तेव्हा प्रमुखपदी मूळचे नांदेड जिल्ह्यातील एअर चीफ मार्शल विवेक राम चौधरी होते. दोन आसनी व अनेक जणांचा चमू असलेल्या विमानांतील शस्त्रप्रणाली हाताळणारे, दूरनियंत्रित विमाने चालवणारे, जमिनीवरून क्षेपणास्त्रे सोडणारे आणि टेहळणीची माहिती वाचणारे अधिकारी या एकाच शाखेत येतात. ऑक्टोबर 2024 मध्ये भारताने 31 एमक्यू-9बी ड्रोनचा करार केला आहे. ती चालवणारे अधिकारी आज तुझ्याच वयाच्या मुलामुलींतून तयार व्हायचे आहेत. वैमानिक संपणार नाही, पण त्याच्या भोवतालची कामे वाढतील आणि बदलतील, असे माझे मत आहे.

तुझ्या शेवटच्या शंकेवर मी सर्वांत जास्त वेळ थांबलो. आकाशात झेपावताना सुखोई-30 ची दोन्ही इंजिने बहुधा ‘आफ्टरबर्नर’वर असतात, म्हणजे टर्बाइनमधून बाहेर पडणाऱ्या तप्त झोतात आणखी इंधन फवारून ते पेटवले जाते. त्यातून एकेका इंजिनाला सुमारे साडेबारा हजार किलोग्रॅम वजन उचलू शकेल एवढा रेटा मिळतो, आणि तुमची भांडी वाजतात ती त्या झोताने. उतरताना आफ्टरबर्नर बंद असतो आणि इंजिन बरेच मंद चालवलेले असते. आता मला सांग, विमान पाहणाऱ्या दहा मुलांपैकी किती जणांना हा प्रश्न पडतो? बहुतेक जण वेग विचारतात, किंमत विचारतात, गणवेश विचारतात. तुला इंजिनाने हटकले. म्हणून माझा सल्ला असा, की वैमानिक होण्याची इच्छा सोडू नकोस, पण हवाई दलाच्या तांत्रिक शाखेकडे ‘उड्डाण नाही तर निदान हे तरी’ अशा नजरेने पाहू नकोस. तिथे ठरावीक मर्यादेपर्यंत चष्मा चालतो, अभियांत्रिकीच्या पदवीनंतर 26 वर्षांपर्यंत एएफकॅटमधून प्रवेश मिळतो आणि प्रशिक्षण बंगळुरूच्या तांत्रिक महाविद्यालयात होते. गणवेश नको असेल तर ओझरचा हिंदुस्थान एरोनॉटिक्सचा कारखाना तुझ्या घरापासून सायकलच्या अंतरावर आहे. 1964 मध्ये तो स्थापन झाला; तिथे आधी मिग-21, मग मिग-27, मग सुखोई बांधली गेली आणि ऑक्टोबर 2025 मध्ये नाशिकमध्ये बांधलेल्या पहिल्या तेजस मार्क-1ए ने उड्डाण केले.

म्हणून गणित सोडणे ही न सुधारता येणारी मोठी चूक ठरेल. एनडीएच्या हवाई दल विभागासाठी बारावीला भौतिकशास्त्र, रसायनशास्त्र आणि गणित लागते, एएफकॅटच्या उड्डाण शाखेसाठीही बारावीचे गणित व भौतिकशास्त्र पाहिले जाते, आणि अभियांत्रिकीला तर ते लागतेच. जीवशास्त्र हवे असल्यास जोडीला ठेव.

मुलगी म्हणून वाट अडेल का, हे तू विचारलेले नाहीस याचा मला आनंद झाला. तरी आजीने विचारले तर सांग, की 2016 मध्ये अवनी चतुर्वेदी, भावना कांत आणि मोहना सिंग या पहिल्या तिघी लढाऊ वैमानिक झाल्या आणि मे 2025 मध्ये एनडीएतून मुलींची पहिली तुकडी बाहेर पडली.

उड्डाण शाखेची आणखी एक अट आत्ताच माहीत असू दे. निवड मंडळात संगणकावर घेतली जाणारी वैमानिक अभिवृत्ती चाचणी आयुष्यात एकदाच देता येते. पडद्यावरील तबकड्या पाहून विमान कोणत्या दिशेला कलले आहे ते ओळखणे, हाताने दांडा आणि पायांनी पट्ट्या एकाच वेळी सांभाळणे, असे तिचे स्वरूप असते. ‘जाऊन तर बघू’ म्हणून जाणारे तिथेच कायमचे बाद होतात. तेव्हा डोळ्यांचा प्रश्न सुटेपर्यंत तिच्या वाटेला जाऊ नकोस.

येत्या महिन्यात दोन कामे कर. नाशिकला जाऊन नेत्रतज्ज्ञांकडून बाहुली मोठी करणारे थेंब घालून नंबर तपासून घे, सोबत रंगदृष्टीही तपासायला सांग, आणि अहवालाची प्रत जपून ठेव. विसाव्या वर्षापर्यंत नंबर स्थिर राहतो की नाही हे त्यावरूनच कळेल. दुसरे, उंची कळव. उड्डाण शाखेला सुमारे 163 सेंटीमीटर लागते, आणि बसलेली उंची व पायांची लांबीही मोजतात, कारण आपत्कालीन आसनासह बाहेर फेकले जाताना गुडघे कॉकपिटच्या चौकटीला लागून चालत नाही. घरी मोजताना पादत्राणे काढून, भिंतीला टाचा आणि पाठ टेकवून, सकाळी उठल्यावर मोज. संध्याकाळपर्यंत माणूस थोडासा आखडतो.